फोटोतली अव्वा

जिल्हा झाल्यापासून लातुरात ज्याला त्याला मोठं व्हायची घाई झाली होती, आणि मडिवाळप्पाला तर जरा जास्तच. कालपरवापर्यंत जो माणूस उस्मानाबादच्या कचेरीत एका सहीसाठी दिवसभर बाकावर बसून यायचा, तो आता कलेक्टरच्या आधी 'आपले' लावू लागला होता. पावसानं पाठ फिरवली होती, नळाला करंगळीएवढी धार येत होती, अडतीत तुरीचं पोतं औषधालाही उरलं नव्हतं. पण गावात कोनशिला बसवायचे कार्यक्रम मात्र जोरात होते. यंदा पेरण्या बुडाल्या, पण दगडांचं पीक बरं आलंय, असं मडिवाळप्पाची बायको महादेवी म्हणायची. अर्थात मनातल्या मनात. या घरात सुनेनं मोठ्यानं बोलायचं नसतं, कारण भिंतीवरच्या सासूबाई कधी मोठ्यानं बोलल्या नव्हत्या.

मडिवाळप्पाचा दगडही ठरला होता. घरामागच्या विहिरीवर, रस्त्याला लागून, अव्वाच्या, म्हणजे आईच्या, नावानं पाणपोई आणि तिच्या मधोमध अव्वाचा संगमरवरी पुतळा. शुक्रवारी मंत्री यायचे होते. पुतळा घडून आला होता आणि गोणपाटात गुंडाळून पडवीत उभा होता. अडचण एकच होती. रस्त्याकडचा चौथरा बांधून झाला होता, पण बाकीच्या पाणपोईची जागा म्हणजे गंगम्माच्या दोन खोल्या होत्या.

गंगम्मा ही मडिवाळप्पाची धाकटी बहीण. नवरा वारल्यावर भरल्या तारुण्यात परत आली, ती विहिरीकडेच्या खोल्यांत राहिली. बुटकी, सावळी, नाकानं बसकी, आणि तोंडानं अशी की गल्लीतली कुत्रीसुद्धा तिच्या दारावरून वळसा घालून जात. तिचं आणि महादेवीचं कधी जमलं नाही. लोणच्याच्या मिठापासून महादेवीच्या लेकाची, शिवमूर्तीची, टाळू भरण्यापर्यंत दोघींनी प्रत्येक गोष्टीवर भांडून घेतलं होतं. पण सगळ्या गल्लीतल्या विहिरी आटल्या आणि हीच एक टिकली, ती कुणामुळे, हे महादेवीला पक्कं ठाऊक होतं. कोणत्या घराला किती घागरी, हे गंगम्मा ठरवायची. सकाळी उजाडायच्या आत ती विहिरीच्या दगडावर येऊन बसायची, आणि ती बसली की मोठमोठ्यांची कासरा टाकायची हिंमत होत नसे.

त्या दिवशी सकाळी व्यंकट गवंड्यानं पुतळ्याच्या चौथऱ्यावर पाणी मारायला घागर उचलली. ओट्याला ओल द्यावी लागते, नाही तर सिमेंट तडकतं, हे त्याचं बरोबरच होतं. गंगम्मानं त्याच्या हातातली घागर हिसकली आणि कासऱ्याचं टोक त्याच्या पाठीवर ओढलं. "माणसाच्या तोंडाला पाणी न्हाई, अन् दगडाला पाजायलास?" नगरपालिकेचे इंजिनिअर तिथंच उभे होते. मडिवाळप्पाची नव्या जिल्ह्यातली इज्जत घागरीतल्या पाण्यासारखी हिंदकळली. त्यानं तिथल्या तिथं ठरवलं, गंगम्मा आजच्या संध्याकाळच्या गाडीनं विरूपाक्षबरोबर नांदेडला जाईल, आणि उद्या खोल्या पडतील.

विरूपाक्ष हा मधला भाऊ. नांदेडला त्याचं कापडाचं दुकान होतं. तो खरं तर बहिणीला ठेवून घ्यायला साफ नाही म्हणायलाच आला होता. माझं घर लहान, बायकोला दमा, गंगेला नांदेडची हवा मानवायची नाही, अशी सगळी तयारी त्यानं बसमध्ये करून आणली होती. पण मडिवाळप्पानं कोनशिलेवर त्याचंही नाव कोरायचं कबूल केलं, आणि बायकोचा दमा ताबडतोब बरा झाला. महादेवीला काय वाटतं हे कुणी विचारलं नाही. विचारलं असतं तर तिनंही मान हलवली असती. मागचं अंगण मोकळं होईल, दिवसभराची कटकट जाईल, असा हिशेब तिनंही केला होता. नावं ठेवायचीच तर सगळ्यांना ठेवावी.

गंगम्माला सांगितलं तेव्हा ती भांडली नाही, याचंच महादेवीला नवल वाटलं. ती एवढंच म्हणाली, "मी गेले तर ही हीर चार दिस बी टिकणार न्हाई, अण्णा." आणि ट्रंक भरायला आत गेली.

आता त्या फोटोविषयी. बैठकीत, तक्क्याच्या बरोबर वर, लक्ष्मम्माचा, म्हणजे अव्वाचा, मोठा फोटो होता. लांबट गोरा चेहरा, पाणीदार डोळे, गालावर हात, नजर वर आभाळाकडे. कुणीही नवा माणूस आला की म्हणायचा, काय सात्त्विक चेहरा आहे. रोज सकाळी काचेवर विभूतीची तीन बोटं ओढल्याशिवाय, हार घातल्याशिवाय महादेवीला चहा नव्हता. आणि जरा कुठं तिचा आवाज चढला की मडिवाळप्पा बोटानं तो फोटो दाखवायचा. बघ तिच्याकडं. जन्मात कुणाला अरे म्हटलं नाही. मी तिच्या मांडीवर बसायचो तेव्हा ती बोलायची ते शेजारच्यालासुद्धा ऐकू जायचं नाही. आई गेली तेव्हा तो सहा वर्षांचा होता, आणि त्याआधीही बराच काळ मामाकडे उदगीरला होता. पण आईच्या आठवणी त्याच्याकडे वर्षागणिक वाढत चालल्या होत्या. विरूपाक्ष तर त्याहून लहान. आणि गंगम्माच्या बाळंतपणातच ती गेली, म्हणजे तिला आईचं दर्शन ते या काचेतलंच.

नवी नवरी म्हणून आली तेव्हा महादेवीनं या फोटोसमोर एक चूक केली होती. तिनं चुलतसासू नागम्माला भाबडेपणानं विचारलं, "सासूबाईच्या गळ्यात लिंग कसं दिसत न्हाई?" ज्या घरात गळ्यातल्या लिंगाला हात लावल्याशिवाय घोटभर पाणी घशाखाली उतरत नाही, तान्ह्या लेकराच्या गळ्यातसुद्धा ते बांधतात, त्या घरची सून फोटोला बसली आणि गळ्यात नुसती बोरमाळ? नागम्मानं तिला दंडाला असा चिमटा काढला की आठवडाभर काळानिळा डाग राहिला. पदराखाली असंल, म्हणाली. त्यानंतर महादेवीनं विचारलं नाही. पण विभूती लावताना तिची नजर रोज त्या उघड्या गळ्यावर जायची.

हा फोटो सापडला तो सासऱ्यांच्या, गुरुबसप्पांच्या, माघारी. त्यांच्या पेटीच्या तळाशी रेशमी फडक्यात जपून गुंडाळलेला. वरातीतून सून आणावी तशा थाटात मडिवाळप्पानं तो मोठा करून आणला. इतका जपलेला बाईचा फोटो बायकोचा नाही तर कुणाचा असणार?

गुरुबसप्पांची जवानी वेगळी होती हे घरात सगळ्यांना माहीत होतं, पण ती कुणी काढत नसे. निजामाच्या काळात, बोलपट यायच्या आधी, त्यांनी हैदराबादहून हातानं फिरवायचं बायस्कोपचं यंत्र आणि एक कॅमेरा आणला होता. उदगीर, देगलूर, जत्रा तिथं तंबू. नुसती बाहेरची चित्रं दाखवून भागेना म्हणून घरच्या अंगणात स्वतःची हसायची चित्रं काढली. लहान लहान, मुकी, कुणाला भलताच कुणी समजायचं आणि मग पडापडी, धावाधावी. बायको गेल्यावर मात्र त्यांनी तंबू गुंडाळला, अडत धरली, आणि मरेपर्यंत पुन्हा हसले नाहीत. इतकी वर्षं 'अप्पांचा नाद' म्हणून दाबून ठेवलेली ही गोष्ट जिल्हा झाल्यावर एकाएकी 'अप्पांची कलासेवा' झाली. शुक्रवारी मंत्र्यांना त्यातलं एखादं चित्र दाखवायचं मडिवाळप्पानं ठरवलं. मुलगा शिवमूर्ती कॉलेजात इतिहास शिकवायचा. तो उदगीरला बापाच्या मामांकडे माळ्यावर पडलेले रिळांचे डबे घेऊन आला. बहुतेकांत गुळाच्या ढेपेसारखा गोळा झाला होता. एकच रीळ सुटं निघालं.

ते आधी घरातल्या घरात बघून घ्यावं म्हणून दुपारी अडतीच्या रिकाम्या गोदामात सगळे जमले. पत्र्याची दारं लोटली, फटींना पोती लावली, समोर धोतर ताणलं. टुरिंग टॉकीजचा एक माणूस मशीन घेऊन आला होता. मडिवाळप्पा खुर्चीवर, शेजारी विरूपाक्ष, मशीनजवळ शिवमूर्ती. महादेवी खाली सतरंजीवर. गंगम्माला शिवमूर्तीनंच बोलावून आणलं, आत्याला निदान बघू तरी द्या म्हणून. मडिवाळप्पानं तिला दाराजवळ बसवलं, म्हणजे गाडीच्या वेळेला उठता येईल. तिची ट्रंक तिच्या शेजारीच होती.

धोतरावर आधी नुसता पाऊस पडला. बाहेर पडत नव्हता तो सगळा तिथं पडला. मग अक्षरं आली, 'दोन पाहुणे'. मग एक अंगण आलं, आणि अंगणात माणसं पाय भाजल्यासारखी तुरुतुरु चालायला लागली. नव्या मशीनवर जुनं चित्र जोरात पळतं, असं टॉकीजवाला म्हणाला.

गोष्ट साधी होती. एका घरात लग्नाची मुलगी आहे आणि विकायची म्हैस आहे. एकाच दिवशी दोन पाहुणे येतात, एक मुलगी बघायला, एक म्हैस बघायला. धनी दोघांना उलटं समजतो. म्हशीच्या गिऱ्हाइकापुढं मुलगी आणून बसवतात. तो तिचं तोंड उघडून दात मोजतो, दंड दाबतो, उठवून चालवून बघतो. तिकडं मुलाच्या बापाला गोठ्यात नेतात. तो म्हशीकडं बघतो, धन्याकडं बघतो, स्वतःच्या पोराचं रूप आठवतो, आणि मान डोलावतो. विरूपाक्ष हसला. महादेवीलाही पदर तोंडाला लावावा लागला. मुलगी बघायला येणाऱ्या लोकांपेक्षा हे म्हशीचं गिऱ्हाईकच जास्त शहाणं वागलं, असं तिच्या मनात आलं.

आणि मग घरातून यजमानीण बाहेर आली.

लांबट गोरा चेहरा. पाणीदार डोळे. तीच बोरमाळ.

मडिवाळप्पा ताडकन उभा राहिला आणि त्यानं हात जोडले. "अव्वा," एवढंच त्याच्या तोंडून आलं. विरूपाक्षनं टोपी काढली. शिवमूर्ती उठला, महादेवीही उठली. हात आपसूक जोडले गेले, इतक्या वर्षांची सवय. दाराजवळ गंगम्मा गुडघ्यांवर आली, तिनं डोक्यावरून पदर घेतला आणि मातीला कपाळ टेकलं. जन्मभर काचेत थिजलेली आई तिच्यासमोर चालत होती. गंगम्मा मान वर करून बघत होती आणि तिचे ओठ हलत होते. महादेवीला तिच्याकडे बघवेना.

तेवढ्यात चित्र थांबून पाटी आली. काळ्यावर पांढरी मोठी अक्षरं. विरूपाक्षला पाट्या वाचायची खोड होती. त्यानं मोठ्यानं वाचलं, "यजमानिणीच्या भूमिकेत, श्रीमंत हदगावकर."

सगळे हात जोडूनच उभे होते.

"हदगावकर कोण?" मडिवाळप्पानं विचारलं.

उत्तर द्यायचं काम पुढच्या चित्रानं केलं. यजमानीण बाई ओट्यावर बसल्या, गालावर हात ठेवला आणि आभाळाकडं बघितलं. बैठकीतला फोटो, अगदी तोच. पाहुण्यांनी म्हैस पसंत केली आणि पोरगी नापसंत केली, याचं ते दुःख होतं. मागून म्हैस आली. त्या सात्त्विक चेहऱ्याला काही कळायच्या आत म्हशीनं पाठीवर एक ढुशी दिली, आणि लक्ष्मम्मा शेणाच्या पाटीत तोंडावर पडल्या. उठल्या तेव्हा अंबाडा पाटीतच राहिला होता. गोटा केलेलं डोकं, मानेला शेंडी. लुगडं मांडीपर्यंत खोचून श्रीमंत हदगावकर म्हशीच्या मागं लागले.

टॉकीजवाला पोट धरून हसला. त्या बिचाऱ्याला काय ठाऊक की तो कुणाच्या आईला हसतोय.

हदगावकर विहिरीवर आला. दोन दगडी खांब आणि मधला रहाट बघून महादेवी दचकली. ही मागचीच विहीर होती. घागरीमागून घागर त्यानं स्वतःच्या डोक्यावर ओतली, मग म्हशीवर, मग गंमत म्हणून पाहुण्यांवर. आणि एकाएकी डावीकडून एक बाई चित्रात घुसली. ती गोष्टीतली नव्हती, हे तिच्या चालीवरूनच कळत होतं. बुटकी, सावळी, नाकानं बसकी, काष्टा वर खोचलेला, डोकं पुढं काढून वादळासारखी आली. तिनं त्याच्या हातातली घागर हिसकली आणि कासऱ्याचं टोक त्याच्या पाठीवर ओढलं. हदगावकर खरोखरच कळवळला. म्हैस पळाली, पाहुणे पळाले. घागर खाली ठेवताना ती वाकली तशी गळ्यातली लिंगाची चांदीची डबी बाहेर लोंबली, आठ कोनांची, एका बाजूला चेपलेली. मग ती थेट कॅमेऱ्याकडं चालत आली. तोंडाचा पट्टा अखंड चालू होता; आवाज नव्हता तरी एकेक शब्द ऐकू यावा असा. तेव्हाही दुष्काळच असणार. चेहरा मोठा होत गेला, मोठा होत गेला, मग नुसता तळहात आला, आणि धोतर काळं झालं.

रीळ संपून फटफट वाजत राहिलं.

महादेवी दाराकडं वळली. सगळेच वळले होते. आठ कोनांची, एका बाजूला चेपलेली डबी गंगम्माच्या गळ्यात होती. आईबरोबर लिंग मातीत गेलं, पण डबी लेकीसाठी काढून ठेवली होती, हे तर घरात सगळ्यांना माहीत होतं. आणि नाकाचं, चालीचं, कासऱ्याचं काय सांगायचं? सकाळी विहिरीवर जे घडलं ते सगळ्यांनी आता दुसऱ्यांदा पाहिलं होतं.

गंगम्मा रडली नाही. ती उठून मशीनपाशी गेली आणि टॉकीजवाल्याला म्हणाली, "बाबा, ती बाई परत आण."

"बंद करा ते," मडिवाळप्पा म्हणाला.

"लावा," महादेवी म्हणाली.

टॉकीजवाल्यानं दोघांकडं बघितलं आणि लावलं. बायकांच्या आवाजातला फरक त्या धंद्यातल्या माणसांना लवकर कळत असावा. पुन्हा ती बाई आली, पुन्हा घागर हिसकली, पुन्हा तिचा तळहात आला. या वेळी गंगम्मा धोतराच्या अगदी जवळ उभी राहिली आणि तळहात मोठा झाला तसा तिनं आपला हात त्यावर ठेवला. तिची सावली पडून चित्र झाकलं गेलं.

त्यानंतर टॉकीजवाल्याला चहाला पाठवून घरातली शहाणी माणसं बोलायला बसली. शिवमूर्तीनं इतिहासाचा आधार काढला. म्हणाला, आजोबांनी आजीशी मिळताजुळता नट मुद्दाम निवडला असण्याची शक्यता नाकारता येत नाही. महादेवीला आपल्या पोराच्या पगाराची पहिल्यांदाच लाज वाटली. मडिवाळप्पानं ती शक्यता घट्ट धरली. ती बाई कुणीतरी मोलकरीण असेल, म्हणाला. अव्वा अशी ओरडत नव्हती, मला चांगलं आठवतंय. विरूपाक्ष मघापासून टोपी तोंडात कोंबून हसू दाबत होता, ते आता फुटलं.

"अण्णा, दर अमावस्येला आपण हदगावच्या गड्याला पुरणपोळी चारून राहिलो की."

"तुला हसू येतंय?"

"न्हाई, न्हाई. पण त्या दगडावरचं मपलं नाव तेवढं काढ. नांदेडात मला तोंड दाखवायचंय." मग त्यानं हळूच पुढं जोडलं, की नाव नसेल तर गंगीला नेण्याचं काही बंधन आपल्यावर राहत नाही. दमा पुन्हा सुरू झाला होता. एवढ्या धक्क्यातही आपला फायदा ज्याच्या नजरेतून सुटला नाही, त्या दिराकडं महादेवी कौतुकानं बघत राहिली.

मडिवाळप्पा मात्र हळूहळू सावरला. तो अडत्या होता. खराब माल अंगावर आला म्हणून अडत्या रडत बसत नाही, तो पोतं शिवून पुढं पाठवतो. मंत्र्यांची तारीख मिळालीय. पत्रिका वाटल्यात. पुतळा बसणार. हे रीळ आज जाळून टाकू, म्हणजे प्रश्न मिटला. बाहेर कुणाला काय ठाऊक? आणि गंगम्मानं गाडीची वेळ झाली, निघावं.

"अण्णा," गंगम्मा म्हणाली, "तू तिला बघितलंस ना आता?"

"कुणाला?"

त्यानं हे अगदी सहज विचारलं. समोर सख्खी आई येऊन गेली, दोनदा आली, आणि या माणसानं तिला ओळख दाखवली नाही. संगमरवरातली जास्त चांगली दिसत होती म्हणून. महादेवीला त्या क्षणी नवऱ्याची कीव आली नाही, राग आला नाही. नुसता वीट आला. कुण्या एका बाप्याच्या चेहऱ्याशी मोजून मोजून तिचा आवाज कापला गेला होता. आणि ज्या सासूला ती जन्मभर घाबरली, ती तर कासरा घेऊन भांडणारी, भर चित्रात घुसून नवऱ्याचा खेळ बंद पाडणारी बाई होती. त्या बाईशी आपलं जमलं असतं. भांडणं झाली असती, पण बरोबरीची झाली असती.

ती उठली, मशीनवरचं रीळ काढून डब्यात घातलं आणि डबा गंगम्माच्या ट्रंकेवर ठेवला.

"पुतळा बसवा," ती म्हणाली. "रस्त्याच्या कडंला बसवा. खोल्या पडायच्या न्हाईत. गंगाक्का कुठं जाणार न्हाईत. अन् हिरीचं पाणी त्या म्हणतील तसंच जाईल."

मडिवाळप्पाला क्षणभर कळेना की हे कोण बोलतंय. "न्हाई तर?"

"शुक्रवारी मंत्र्यापुढं सासूबाईला हार घालायला मलाच पुकारणार हाव ना तुमी? मी घालते. माईक हातात आला की नाव बी सांगते. श्रीमंत हदगावकर."

मडिवाळप्पानं मुलाकडं बघितलं, तो चष्मा पुसत होता. भावाकडं बघितलं. विरूपाक्ष लगेच म्हणाला की वैनीचं बरोबर आहे, आपण तर सुरुवातीपासून हेच म्हणत होतो. संध्याकाळच्या गाडीनं तो एकटाच नांदेडला गेला, आणि पिशवी विसरला म्हणून परत यावं लागेल या भीतीनं दोनदा तपासून गेला.

त्या संध्याकाळी गंगम्मानं ट्रंक परत खोलीत नेली. महादेवीनं एका बाजूची कडी धरली. दारात ट्रंक टेकवताना गंगम्मा म्हणाली, "वैनी, नाक मपलंच हाय न्हाई का तिला?" महादेवी म्हणाली, "नाक बी, तोंड बी." गंगम्मा पहिल्यांदाच तिच्याकडं बघून हसली.

शुक्रवारी मंत्री आले. लाल पडदा बाजूला झाला. त्या माउलीच्या चेहऱ्यावरचं वात्सल्य बघा, मंत्री म्हणाले, असं सोसणं आजच्या स्त्रियांत उरलं नाही. टाळ्या पडल्या. महादेवीनं हार घातला, हात गळ्याशी नेताना त्या कोऱ्या संगमरवरी गळ्याकडं नीट बघून घेतलं, आणि माईकवाल्यानं माईक पुढं केला तेव्हा मडिवाळप्पाच्या कपाळावरचा घाम बघून, हात जोडून खाली उतरली. मग पूजेला आलेले मठाचे स्वामी म्हणाले, आता मूर्तीला पाच घागरींचं स्नान घालू. व्यंकट गवंडी मांडव ओलांडून विहिरीकडं धावला.

गंगम्मा तिच्या दगडावर बसली होती. समोर गल्लीतल्या बायकांची रांग होती. व्यंकटनं घागर उचलली तसा तिनं तळहात घागरीच्या तोंडावर ठेवला. व्यंकटनं पाठ आधीच चुकवली.

"स्वामींनी सांगितलंय, आक्का. अव्वाला आंघोळ घालायची हाय."

"अव्वानं कवाच केली," गंगम्मा म्हणाली. तिनं घागर उचलून रांगेतल्या पहिल्या बाईच्या कमरेवर दिली आणि खांद्यावरचं ओलं फडकं व्यंकटकडं टाकलं. "त्याला हे फिरव. बाप्या माणूस हाय, एक दिस बिनआंघोळीचा राहिला म्हणून मरत न्हाई."